ब्याऐंशीवा क्रमांक

गेल्या महिन्यांत या सदरांत, घरांतील वडीलधाऱ्यांनीं केव्हां बोलावें आणि केव्हां गप्प बसावें, या विषयावर चार शब्द लिहिले होते. ते वाचून एका भगिनींनीं पत्रद्वारें विचारलें आहे कीं, ‘आपण सांगितलेले नियम आपण स्वतः पाळतां काय?’ प्रश्न रास्त आहे. आणि या महिन्याचा लेख म्हणजे त्या प्रश्नाचें उत्तरच होय. उत्तर असें कीं, मीं तो नियम मोडला, मोडल्याचा मागाहून पश्चात्ताप झाला, आणि तो पश्चात्ताप करावयास लावणारी व्यक्ति आमच्या घरांतील नव्हे, आळींतील नव्हे, किंबहुना या देशांतीलहि नव्हे. ती आहे बल्गेरिया देशांतील प्लॉव्हडिव्ह शहरची एक टेनिस खेळणारी बाई. वाचक हंसतील, हंसोत. सारा वृत्तान्त ऐकल्यावर काय तें त्यांनींच ठरवावें.

प्रथम घरची हकीकत. आमच्या घरांत तीन पिढ्या एका छपराखालीं नांदतात. धाकटी सूनबाई रसायनशास्त्र घेऊन एम. एस्‌सी. झालेली, लग्नानंतर कांहीं वर्षें ती एका महाविद्यालयांत शिकवीत असे. पुढें नात झाली आणि तिनें नोकरी सोडली. सोड म्हणून तिला कोणीं सांगितलें नाहीं, हें खरें. पण सोडूं नकोस असेंहि कोणीं म्हटलें नाहीं, हें अधिक खरें. तीन वर्षें लोटलीं. यंदा आषाढांत त्याच महाविद्यालयांतून निरोप आला कीं, जागा आहे, परंतु तासिका तत्त्वावरची. म्हणजे जितके तास घ्यावे तितक्यांचेंच मानधन. शिवाय विभागाची सूत्रें आतां जिच्या हातीं आहेत, ती बाई हिच्या मागून लागलेली. प्रयोगशाळेंतल्या पहिल्या खाणाखुणा तिला हिनेंच दाखविलेल्या.

रात्रीं जेवणें आटोपल्यावर हा विषय निघाला. कोणी कांहीं बोलण्यापूर्वीं मीच बोललों. मी म्हणालों, ‘‘सूनबाई, ज्या पंक्तींत आपण पहिल्या पाटावर बसलों, तिच्यांत पुन्हां शेवटच्या पाटावर जाऊन बसूं नये. मानानें बोलावतील तेव्हां पाहूं.’’ दृष्टान्त मला स्वतःलाच इतका आवडला कीं, पुढें कोणास कांहीं विचारण्याची गरज वाटली नाहीं. सूनबाई ‘‘बरें, मामंजी’’ एवढेंच म्हणाली आणि ताटें उचलून आंत गेली. त्या ‘बरें’ या शब्दांत कांहीं ऐकण्यासारखें होतें. पण तीस वर्षें वर्गांत बोलण्याची संवय झालेल्या माणसाचे कान त्या बाबतींत जरा मंदच असतात.

दोनतीन दिवसांनीं थोरल्या मुलाचा मुलगा संगणकावर एक जुना सामना पाहत बसला होता. त्याला टेनिसचा नाद आहे. मला त्या खेळांतलें फारसें कळत नाहीं. परंतु हिरवळीवर पांढऱ्या कपड्यांत चाललेला तो खेळ डोळ्यांस गोड वाटला, म्हणून मीहि खुर्ची ओढून बसलों. एका बाजूस व्हीनस विल्यम्स. हें नांव माझ्याहि कानावर होतें, कारण विंबल्डनचें अजिंक्यपद तिनें पांच वेळां मिळविलें आहे. दुसऱ्या बाजूस एक उंच, शांत चेहऱ्याची मुलगी. ती मुलगी मोठ्या निश्चिंतपणें एकामागून एक गुण घेत होती. नातवानें विचारलें, ‘‘आजोबा, हिचा क्रमांक किती असेल, ओळखा.’’ मीं अंदाजानें सांगितलें, ‘‘असेल तिसरा-चौथा.’’ तो हंसला व म्हणाला, ‘‘ब्याऐंशीवा.’’

त्या दिवशीं, म्हणजे २०१० सालच्या विंबल्डनच्या उपान्त्यपूर्व फेरींत, जगांतील त्या ब्याऐंशीव्या क्रमांकाच्या मुलीनें व्हीनसला ६–२, ६–३ असें सरळ हरविलें. तिचें नांव त्स्वेताना पिरोन्कोव्हा. मला राहवेना. पुढचे कांहीं दिवस नातवास छळून मीं या मुलीची सगळी कारकीर्द समजून घेतली. तीच आज वाचकांपुढें मांडतों.

बल्गेरिया हा बाल्कन प्रदेशांतील देश. क्षेत्रफळानें आपल्या महाराष्ट्राच्या एक तृतीयांशाहून थोडा मोठा, आणि लोकवस्ति २०२१ च्या शिरगणतीप्रमाणें सुमारें ६५ लक्ष. प्लॉव्हडिव्ह हें तेथील दुसऱ्या क्रमांकाचें शहर मारित्सा नदीच्या कांठीं टेकड्यांवर वसलेलें आहे. रोमन काळांतील दगडी नाट्यगृह तेथें अद्यापि उभें आहे. संस्कृत शिकलेल्या माणसास त्या लोकांची भाषा अगदींच परकी वाटत नाहीं. भ्रातृ म्हणजे त्यांचा ‘ब्रात’, स्वसृ म्हणजे ‘सेस्त्रा’, द्वि आणि त्रि म्हणजे ‘द्वा’ आणि ‘त्रि’. ‘त्स्वेते’ म्हणजे फूल. तेव्हां त्स्वेताना या नांवाचा अर्थ आपल्याकडील पुष्पा किंवा कुसुम असा समजावा. या भाषेंतील आणखी एक शब्द मला सांपडला आहे, पण तो शेवटीं सांगेन.

त्या लहानशा देशास टेनिस नवें नाहीं. युलिया बेर्बेरियान या बाई नऊ वेळां राष्ट्रीय अजिंक्यपद मिळविलेल्या. त्यांनीं आपल्या तीन मुलींस स्वतः शिकविलें, आणि मानुएला, कातेरिना व माग्दालेना या तिघी मालेएवा भगिनी जगांतल्या पहिल्या दहांत जाऊन बसल्या. मानुएलेनें १९८८ च्या सोल ऑलिंपिकमध्यें कांस्यपदक मिळविलें. पुरुषांत ग्रिगोर दिमित्रोव्ह यानें २०१७ सालीं वर्षाखेरची मोठी स्पर्धा जिंकून तिसरा क्रमांक गांठला. हे झाले त्या देशाच्या गौरवाच्या पानावरचे. आपली पिरोन्कोव्हा त्या पानावर नव्हती. तिचा जन्म १९८७ चा. वडील नौकानयनांत व आई पोहण्यांत नांव मिळविलेलीं. वयाच्या चौथ्या वर्षापासून वडिलांनींच तिच्या हातांत रॅकेट दिली आणि पुढें बरींच वर्षें तेच तिचे शिक्षक होते.

आतां या खेळांत क्रमांक कसा ठरतो, तें सांगितलें पाहिजे. कारण त्यावांचून पुढील मुद्दा नीट समजणार नाहीं. आमच्या शाळांतून वार्षिक परीक्षेवर क्रमांक ठरत असे व तो वर्षभर टिकत असे. येथें तसें नाहीं. खेळाडूनें मागील ५२ आठवड्यांत मिळविलेल्या गुणांची बेरीज होते आणि तीवरून यादी लागते. ५३ वा आठवडा लागला कीं जुने गुण गळून पडतात. म्हणजे गतवर्षीं अमुक स्पर्धा जिंकली असेल, तर यंदा तीच पुन्हां जिंकल्याशिवाय माणूस जेथें होता तेथेंहि राहत नाहीं. ऑस्ट्रेलिया, फ्रान्स, इंग्लंड व अमेरिका येथील चार स्पर्धा सर्वांत मोठ्या. त्यांतील अजिंक्यवीरास २००० गुण. पहिल्याच फेरींत हरणारास १०. प्रत्येकींत एकेरीचे खेळाडू १२८. हल्लींच्या रीतीप्रमाणें त्यांपैकीं १०४ क्रमांकाच्या बळावर येतात, १६ पात्रताफेऱ्या जिंकून येतात आणि ८ निमंत्रणानें. त्यांतल्या ३२ जणांस मानांकन असतें, व मांडणी अशी केलेली असते कीं, तिसऱ्या फेरीपूर्वीं या मानांकितांची आपसांत गांठ पडूं नये. ज्यास मानांकन नाहीं त्यास हा आडोसा नाहीं. पहिल्याच दिवशीं जगांतला पहिला मल्ल समोर येऊं शकतो.

हें झालें वरच्या मजल्याचें. त्याच्या खालीं दुसरा मजला आहे, आणि त्याच्याहि खालीं तळघर. मोनास्टिर, शर्म-अल-शेख, अंताल्या अशा ठिकाणीं वर्षभर लहान लहान स्पर्धा चालतात. त्यांतल्या सर्वांत धाकट्या स्पर्धेंत बक्षिसांची सगळी रक्कम मिळून १५ हजार डॉलर. एकेरींत पहिल्या फेरींत हरणाराच्या हातीं सुमारें दीडशें डॉलर पडतात. विमानाचें भाडें, खोलीचें भाडें, जेवण, रॅकेटच्या तारा, शिक्षकाचें वेतन हें सारें त्यानें त्यांतून भागवावयाचें. टेनिसमधील सचोटीची चौकशी करणाऱ्या एका स्वतंत्र समितीनें २०१८ सालीं असें नमूद केलें कीं, व्यावसायिक म्हणविणारे खेळाडू सुमारें १५ हजार आहेत, पण ज्यांचा जमाखर्च निदान बरोबरीस येतो असे अवघे २५० ते ३५०. पैसे घेऊन सामना हरण्याचा मोह याच तळघरांत बळावतो, असेंहि त्या समितीला आढळून आलें. तेव्हां ब्याऐंशीवा क्रमांक म्हणजे काय, हें वाचकांच्या लक्षांत येईल. तो एखाद्या वर्गांतला ब्याऐंशीवा नव्हे. आपल्या मागें हजारों माणसें सोडून आलेल्या माणसाचा तो क्रमांक. तथापि जगाच्या कानास मात्र तो आंकडा नापासासारखाच ऐकूं येतो.

पिरोन्कोव्हाची खातेवही उघडून पाहिली तर ती कांहीं फार भरलेली दिसत नाहीं. २००६ सालीं अठरा वर्षांची असतां तिनें पहिलें मोठें मैदान पाहिलें, तें ऑस्ट्रेलियांतलें; आणि पहिल्याच सामन्यांत याच व्हीनसला २–६, ६–०, ९–७ असें हरविलें. लोकांस वाटलें, नवा तारा उगवला. पण पुढच्याच फेरींत ती हरली; आणि त्यानंतर चार वर्षें मोठ्या स्पर्धांतून दुसऱ्या फेरीपलीकडे तिला एकदांहि जातां आलें नाहीं. चार वर्षें! वाचकांनीं क्षणभर थांबून या चार वर्षांचा विचार करावा. दर आठवड्यास निराळें गांव, निराळी खोली, आणि बहुतेक आठवड्यांच्या अखेरीस हार. ही रीतच अशी आहे कीं, स्पर्धेंत शेवटीं जिंकणारी एकच असते. बाकीच्या सर्वजणी हरूनच घरीं जातात. असें असूनहि ती पुढच्या सोमवारीं पुन्हां मैदानावर उभी असे.

मग २०१० चें तें विंबल्डन आलें. चौथ्या फेरींत तिनें फ्रान्सच्या मारियन बार्तोलीस हरविलें, पुढच्या फेरींत व्हीनसला, आणि विंबल्डनच्या एकेरींत उपान्त्य फेरी गांठणारी ती पहिली बल्गेरियन ठरली. तेथें व्हेरा झ्वोनारेव्हाविरुद्ध पहिला सेट जिंकून शेवटीं ती हरली. त्याच सप्टेंबरांत तिचा क्रमांक ३१ झाला. साऱ्या आयुष्यांतला तोच तिचा सर्वांत वरचा क्रमांक. दुसऱ्या वर्षीं विंबल्डनला तिला मानांकन मिळालें तें बत्तीसावें, म्हणजे यादींतलें अगदीं शेवटचें. त्या शेवटच्या पाटावरून उठून तिनें झ्वोनारेव्हाला हरविलें, आणि व्हीनसला पुन्हां त्याच ६–२, ६–३ या आंकड्यांनीं हरविलें. मग पेत्रा क्विटोव्हाकडून ती हरली, आणि क्विटोव्हा त्या वर्षीं अजिंक्य झाली.

त्यानंतर क्रमांक पुन्हां घसरला. २०१४ च्या जानेवारींत सिडनीच्या स्पर्धेस ती गेली तेव्हां तो १०७ होता. मुख्य दारानें प्रवेश नाहीं. पात्रताफेऱ्या खेळून शिरावें लागलें. शिरली, आणि सारा एरानी, क्विटोव्हा व अँजेलिक केर्बर या पहिल्या दहांतल्या तिघींना हरवून स्पर्धा जिंकून बाहेर आली. एवढ्या वरच्या पायरीच्या स्पर्धांतलें तिचें एकेरीचें अजिंक्यपद तें एवढेंच. २०१६ सालीं पॅरिसच्या मातीवर दुसऱ्या मानांकनाच्या राद्वान्स्काविरुद्ध ती ६–२, ३–० अशी मागें पडली असतां पाऊस आला व खेळ थांबला. दोन दिवसांनीं खेळ पुन्हां सुरू झाला, तेव्हां तिनें लागोपाठ दहा गेम घेतले आणि सामना जिंकला. त्याहि वेळीं तिचा क्रमांक तीन आंकडी होता.

या ठिकाणीं मला माझा वर्ग आठवला. निकालाच्या दिवशीं मी क्रमांक मोठ्यानें वाचून दाखवीत असें, पहिल्यापासून शेवटच्यापर्यंत. पहिल्या पांचांचीं नांवें घेतांना माझा आवाज चढे. पंचविसाव्यानंतर तो भराभर धांवे. आणि चाळिसाव्याच्या पुढें तर मी पोरांकडे न पाहतांच वाचीत असें. मला वाटे, हा न्याय आहे. आंकडा खोटें बोलत नाहीं. आतां वाटतें, आंकडा खोटें बोलत नाहीं हें खरें, पण त्याला विचारलेल्या प्रश्नापलीकडे तो कांहींच बोलत नाहीं. ‘गेल्या ५२ आठवड्यांत या खेळाडूनें किती मिळविलें?’ एवढ्याच प्रश्नाचें उत्तर ८२ हा आंकडा देतो. ‘आज दुपारीं या हिरवळीवर तिच्या हातून काय होईल?’ हें त्याला ठाऊक नसतें. मीं मात्र मुलांच्या क्रमांकांकडून दुसऱ्या प्रश्नाचें उत्तर घेत आलों; आणि ज्यांच्याकडे न पाहतां वाचलें, त्यांपैकीं कित्येकांचा आज काय ठावठिकाणा आहे, तें मला सांगतां यावयाचें नाहीं. पहिल्या पांचांचा मात्र सांगतां येतो. शिक्षकाच्या खातेवहींतली ही बाकी कशी फेडावी, तें कळत नाहीं.

येथें कोणी म्हणेल कीं, मास्तर, तुम्ही तरुणांस भलत्याच नादास लावीत आहां. तसें नाहीं. पंधरा हजारांतल्या साडेतीनशेंचाच संसार चालतो, हा आंकडा मीं मुद्दाम वर दिला आहे. तळघरांतल्या प्रत्येकास एक दिवस व्हीनस भेटेल आणि तो तिला हरवील, असें मुळींच नाहीं. बहुतेकांस ती भेटतच नाहीं. ज्यास पोर या वाटेनें धाडावयाचें असेल, त्यानें तो जमाखर्च आधीं मांडावा, आणि पोरासहि तो वाचून दाखवावा. माझें म्हणणें इतकेंच कीं, जी व्यक्ति सर्व हिशेब जाणून, आपला क्रमांक किती हें पक्कें ठाऊक असतां, रोज उठून आपलें काम नीट करते, तिला ‘शेवटच्या पाटावर बसूं नकोस’ असें सांगण्याचा अधिकार कांठावर बसलेल्यास नाहीं.

आतां कथेचा शेवटचा भाग. माझ्या पश्चात्तापाचें मूळ यांतच आहे. २०१७ च्या विंबल्डननंतर पिरोन्कोव्हा मैदानावर दिसेनाशी झाली. २०१८ सालीं तिला मुलगा झाला. तीन वर्षें तिनें एकहि सामना खेळला नाहीं. वर सांगितल्याप्रमाणें गुण ५२ आठवड्यांत गळतात. तेव्हां तिचे सगळेच गळाले. ब्याऐंशीवी नाहीं, एकशेंसातावी नाहीं. यादींत तिचें नांवच उरलें नाहीं. २०२० च्या ऑगस्टअखेरीस न्यूयॉर्क येथें अमेरिकेची मोठी स्पर्धा भरली. साथीमुळें प्रेक्षकांस बंदी होती. रिकाम्या बांकांपुढें खेळ चालला होता. तेथें ही बत्तीस वर्षांची आई उतरली. पहिल्या फेरींत ल्युदमिला साम्सोनोव्हा, मग दहाव्या मानांकनाची मुगुरुझा, मग अठराव्या मानांकनाची डोना वेकिच, मग आलिझे कॉर्ने, अशा चौघींना तिनें हरविलें. उपान्त्यपूर्व फेरींत व्हीनसची बहीण सेरेना समोर आली. पहिला सेट पिरोन्कोव्हानें ६–४ असा जिंकला. पुढचे दोन ६–३, ६–२ असे सेरेनानें घेतले. त्या फेरींतल्या आठजणींपैकीं तिघी लेंकुरवाळ्या होत्या: या दोघी आणि व्हिक्टोरिया अझारेन्का.

हें ऐकून घरांतल्या सर्वांनीं पिरोन्कोव्हाच्या धैर्याची वाहवा केली, मीहि केली. पण मग मला शंका आली. मीं नातवास विचारलें, ‘‘अरे, जिचें यादींत नांवच नाहीं, तिला त्या मोठ्या स्पर्धेंत घेतलें कसें?’’ त्यानें सांगितलें कीं, बाळंतपणानंतर परतणाऱ्या खेळाडूंसाठीं एक नियम आहे. खेळ थांबवितांना जो क्रमांक होता, तो ठराविक मुदतींत व ठराविक स्पर्धांपुरता त्यांना वापरूं देतात, आणि २०१९ पासून हा नियम अधिक उदार झाला आहे. म्हणजे असें कीं, ती घरीं मूल वाढवीत होती त्या काळांत कोणीतरी तिची जागा राखून ठेवली होती. धैर्य तिचें खरें. पण दार उघडें ठेवणारा नियम इतरांचा. त्या दारावांचून तें धैर्य प्लॉव्हडिव्हच्या एखाद्या घरांत ताटें उचलून आंत गेलें असतें, आणि ‘बरें’ या शब्दापलीकडे आपणांस कांहीं कळलें नसतें.

मघाशीं एक शब्द शेवटीं सांगेन म्हणालों होतों, तो आतां सांगतों. बल्गेरियन भाषेंत सुनेला ‘स्नाहा’ म्हणतात. संस्कृतांतील ‘स्नुषा’ तीच ही. आणि त्या स्नुषेचीच प्राकृतांतून येतां येतां आपली ‘सून’ झाली. हजारों वर्षांपूर्वीं एकाच मुळापासून फुटलेला हा शब्द दोन टोंकांच्या दोन देशांतून अजून जिवंत आहे. त्या दिवशीं तो शब्द वाचून माझ्या मनांत लख्ख प्रकाश पडला, असें लिहिलें तर तें खोटें होईल. मी नुसता पुस्तक मिटून स्वयंपाकघराकडे गेलों, एवढेंच.

सूनबाई डाळ निवडीत होती. मी म्हणालों, ‘‘सूनबाई, परवां रात्रीं मीं जो पाटाचा दृष्टान्त दिला, तो चुकला. शेवटचा पाट म्हणून नाकारूं नकोस. तिथें मान नाहीं असें मला वाटलें, तें माझ्या जुन्या संवयीमुळें.’’ ती डाळींतले खडे वेंचीत थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, ‘‘मामंजी, पाटाची चिंता मला नव्हतीच. ती माझ्या हाताखालीं शिकली म्हणून आज तिच्या हाताखालीं शिकवायला मला लाज वाटत नाहीं. बारापासून चारपर्यंत छोटी कोणाजवळ राहील, एवढाच माझा प्रश्न होता. तो त्या रात्रीं कोणीं विचारलाच नाहीं.’’

वाचकहो, तीस वर्षें मीं मुलांस प्रश्न विचारले. आणि घरांतला एवढा साधा प्रश्न मला विचारतां आला नाहीं. मी मानापमानाचा विचार करीत बसलों, आणि तिकडे अडचण होती ती चार तासांची. त्या चार तासांत घरांत मोकळा माणूस कोण, याचें उत्तर शोधण्यास फार लांब जावें लागलें नाहीं. तो रोज दुपारीं वर्तमानपत्र तोंडावर घेऊन निजत असे.

श्रावणापासून सूनबाई महाविद्यालयांत जाऊं लागली आहे. सर्व कांहीं गोड झालें, असें मात्र समजूं नये. मानधन वेळेवर येत नाहीं. पुढच्या वर्षीं तास मिळतीलच याची हमी नाहीं. जुन्या सेवेचीं वर्षें कोणी मोजीत नाहीं, कारण पिरोन्कोव्हासाठीं होता तसा नियम येथें कोणीं केलेला नाहीं. घरांतहि सौभाग्यवतींचें मत अजून पुरतें वळलेलें नाहीं. ‘‘पोरीचे हाल होतात’’ असें त्या दिवसांतून एकदां म्हणतात, आणि मग स्वतःच तिला मऊ भात कालवून भरवितात. महाविद्यालयाचे नियम बदलणें माझ्या हातीं नाहीं. घरांतली जागा राखून ठेवणें आहे. तेवढें करतों.

दुपारचे हे चार तास मी आणि नात असे दोघेच असतों. तिला चौथें वर्ष लागलें आहे. तिला कांहींतरी शिकवावें म्हणून काल मीं हाताच्या बोटांचीं नांवें सांगावयास घेतलीं: अंगठा, तर्जनी, मध्यमा, करंगळी. एक बोट वगळलेलें तिच्या लक्षांत आलें. तें धरून तिनें विचारलें, ‘‘आजोबा, याचें नांव?’’ मी म्हणालों, ‘‘अनामिका. म्हणजे जिला नांवच नाहीं ती.’’ ती जरा विचारांत पडली. मग म्हणाली, ‘‘मग आईनें अंगठी हिलाच कां घातलीय?’’

उत्तर मला एकदम सुचलें नाहीं. वाचकांपैकीं कोणास सुचल्यास अवश्य कळवावें; पण पत्र दुपारीं चारनंतर वाचलें जाईल.